पाणी गोड आहे का?

रविवार, रात्री उशिरा

आत्याला लातूर एक्सप्रेसमध्ये बसवून आत्ताच घरी आलोय. पाय दुखतायत, पण आजचं आजच लिहून काढतो, उद्या ऑफिस सुरू झालं की निम्मं विसरायला होतं.

सिद्धिविनायक आणि राणीची बाग तिचं आधीच करून झालं होतं. काल जेवताना म्हणाली, "बाळा, मुंबईतले देव दाखव की एकदा मला. आपलेच नाही, सगळ्यांचे." आता तिचे गुडघे बघता त्या हेरिटेज वॉकवाल्या ग्रुपबरोबर तिला पळवणं शक्यच नव्हतं, म्हणून नाक्यावरचे टॅक्सीवाले चाचा असतात त्यांनाच विचारलं, अर्ध्या दिवसासाठी येता का, आम्ही दोघंच, थांबत थांबत जायचं. चाचा दापोलीकडचे कोकणी मुसलमान, मराठी माझ्यापेक्षा खणखणीत. ते लगेच म्हणाले मग हाजीअली पहिलं, आणि बोटांवर हिशोब केला: काल पुनव झाली, उद्या द्वितीया, तिथीची पाऊणपट केली की दीड, म्हणजे दीडला भरती, म्हणजे सकाळी साडेसातला पाणी सगळ्यात खाली. मी मोबाईलवर टाइड टेबल उघडून बघितलं तर जवळपास तीच वेळ. कोकणात किनाऱ्यावरच्या पोराटोरांनाही हे गणित येतं म्हणे, मला मुंबईत जन्म काढून माहीत नव्हतं.

सकाळी साडेसातला हाजीअलीचा रस्ता पूर्ण उघडा होता, दोन्ही बाजूंना काळे खडक, त्यावर हिरवं शेवाळ, खडकांच्या खळग्यांत अडकलेलं पाणी आणि त्यात बारके खेकडे. भरतीला हाच रस्ता पाण्याखाली जातो हे आत्याला खरंच वाटेना. हाजीअलींची गोष्ट चाचांनी गाडीतच सांगितली होती, की बाबांनी सांगून ठेवलं होतं, मला दफन करू नका, माझा जनाजा समुद्रात सोडा, आणि तो जनाजा वाहत येऊन या खडकांना लागला म्हणून दर्गा इथे. दर्गा पंधराव्या शतकातला. मध्ये काही वर्षं बायकांना मजारीपर्यंत जाऊ देत नव्हते, २०१६ मध्ये हायकोर्टाने निकाल दिला आणि त्याच वर्षी पुन्हा सुरू झालं. आत्या पदर घेऊन आत गेली, फुलं वाहिली, हात जोडले. बाहेर आल्यावर पहिलं वाक्य काय, तर "चहूकडं समुद्र, मग इथं प्यायला गोडं पाणी कुठून येतं रे?"

मला वाटलं तिला तहान लागलीय, मी बाटली पुढे केली. तर तसं नव्हतं. आत्या लातूरची आहे. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणून ज्या शहराला दिलं त्या लातूरची, घरात बादलीपासून पातेल्यापर्यंत सगळं भरून ठेवल्याशिवाय तिला अजूनही झोप येत नाही. ती कुठल्याही नव्या जागी गेली की आधी पाणी बघते. आणि मग दिवसभर प्रत्येक ठिकाणी तिने तेच विचारलं आणि मला ही मुंबई जणू पहिल्यांदा दिसली. खाऱ्या पाण्याने वेढलेली बेटं ही, १८६० मध्ये विहार तलावाचं पाणी नळाने आलं तोपर्यंत इथली माणसं विहिरी आणि तलावांवरच जगली, आणि जिथे जिथे गोडं पाणी लागलं तिथे कुणीतरी हात जोडलेच.

महालक्ष्मीला गर्दी होती, पटकन ओटी भरून निघालो. पण तिथली गोष्टही पाण्याचीच. वरळीची खाडी बुजवायला बांध घालत होते, तो सारखा ढासळायचा, आणि रामजी शिवजी नावाच्या पाठारे प्रभू इंजिनियरच्या स्वप्नात देवी आली की मी समुद्रात आहे, आधी मला बाहेर काढ. मूर्ती निघाल्या, मग बांध टिकला. देऊळ १८३१ चं, धाकजी दादाजींनी बांधलेलं. आत्या म्हणाली, "हाजीबाबाबी समुद्रातून आले, देवीबी समुद्रातूनच." आणि दोघं एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर.

मग बाणगंगा. इथे आम्ही सगळ्यात जास्त वेळ बसलो. वाळकेश्वरच्या त्या टॉवरांच्या गर्दीतून एक उतार खाली जातो, दोन दीपमाळा दिसतात आणि एकदम समोर ते चौकोनी तळं, चारी बाजूंनी दगडी पायऱ्या. कार्तिकी पौर्णिमा परवाच झालेली, पायऱ्यांवर अजून पणत्या पडलेल्या, काही फुटलेल्या, काहींत तेलाचा थर आणि त्यात बुडालेली जळकी वात, आणि दगडावर तेलाचे गोल गोल काळे डाग. एक माणूस खराट्याने त्या गोळा करत होता. बदकं पाण्यात फिरत होती. एका बाजूला कुणाचे तरी विधी चालले होते, गुरुजी घाईघाईने मंत्र म्हणत होते आणि मुंडण केलेला एक मुलगा पिंडाचं ताट धरून उभा होता.

रामाने सीतेला शोधताना इथे वाळूचं लिंग केलं, तहान लागली म्हणून बाण मारला आणि पाणी आलं, ही गोष्ट आत्याला माहीत होती. तिला जे माहीत नव्हतं ते म्हणजे समुद्र इथून पाच मिनिटांवर आहे आणि तरी हा झरा गोडा. शिलाहारांच्या काळापासूनची ही जागा, पोर्तुगीजांनी जुनं देऊळ पाडलं, मग १७१५ मध्ये रामा कामती नावाच्या सारस्वत व्यापाऱ्याच्या पैशातून तळं आणि देऊळ पुन्हा उभं राहिलं. आत्या खालच्या पायरीपर्यंत गेली, मला हाताला धरून ठेवायला लावलं, वाकून पाण्यात बोटं बुडवली आणि बोट जिभेला लावलं. मी "अगं आत्या" म्हणेपर्यंत तिचं झालं होतं. "गोड हाय," म्हणाली. चेहरा असा, की घरातलं कुणीतरी परीक्षेत पास झालंय.

तिथून चर्चगेट. क्रॉस मैदानाच्या कडेला भिखा बेहराम विहीर, रोज हजारो लोक तिच्या बाजूने लोकल पकडायला धावतात, मीही कित्येक वर्षं धावतोय. १७२५ ची आहे. भिखाजी बेहरामजी हा पारशी भरुचहून मुंबईकडे चालत येत होता, वाटेत मराठ्यांच्या माणसांनी पकडून वाईजवळच्या पांडवगडावर कैदेत टाकलं, पुढे सदरा-कुस्ती, म्हणजे अंगातला धर्माचा सदरा आणि कमरेची पवित्र दोरी, दाखवून आपण पारशी असल्याचं पटवलं तेव्हा सुटला, आणि त्यावरूनच घराण्याचं आडनाव पांडे पडलं असं सांगतात. मुंबईत हात-पाय पसरल्यावर त्याने किल्ल्याच्या बाहेर वाटसरूंसाठी ही विहीर खोदली आणि समुद्राच्या इतक्या जवळ पाणी गोडं लागलं. शंभरेक वर्षांपूर्वी मलेरियाच्या डासांमुळे शहरातल्या कितीतरी विहिरी झाकल्या, बुजवल्या, त्यात धार्मिक म्हणून ज्या वाचल्या त्यातली ही. आत फक्त पारशी जाऊ शकतात, तसा बोर्ड आहे. आम्ही बाहेरूनच रंगीत काचांचं छत बघितलं, आत एक म्हातारे गृहस्थ टोपी घालून विहिरीकडे तोंड करून प्रार्थना करत होते. आत्याने विचारलं, आपण का नाही जायचं, मी सांगितलं, तर म्हणाली, "असंल, त्यांचा नेम." पण गाडीत बसल्यावर बराच वेळ गप्प होती.

काळा घोड्याचं निळं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, गाडीतूनच दाखवलं, १८८४ चं, बगदादहून आलेल्या ससून घराण्याचं. मला खरं तर तिला मशीद बंदरच्या सॅम्युअल स्ट्रीटवरचं दाखवायचं होतं. आत जायची परवानगी आधी काढावी लागते, ती नव्हती, त्यामुळे रस्त्यावरूनच. पण ती उभ्या उभ्या जी रमली! कारण हे आपले बेने इस्राएल, मराठी बोलणारे ज्यू, दिवेकर, पेणकर, नागावकर, केहिमकर अशी आडनावं. सॅम्युअल इझिकेल दिवेकर, म्हणजे सामाजी हसाजी दिवेकर, कंपनीच्या फौजेत होते, टिपूच्या कैदेतून जिवंत सुटले आणि १७९६ मध्ये हे सिनेगॉग सुरू केलं. त्यांचे पूर्वज अलिबागजवळ नवगावला जहाज फुटून किनाऱ्याला लागले, सात बाया आणि सात पुरुष वाचले, अशी त्यांची कथा. कोकणात तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी घाणा बंद, म्हणून शनवार तेली. नवस फेडायला पोहे, खोबरं, साखर घालून मलिदा करतात हे सांगितल्यावर तर आत्याने मलिद्याची अख्खी रेसिपी विचारली, गूळ चालतो का, वेलची घालतात का. मी यूट्यूबवर शोधून देतो म्हटलं.

रविवारमुळे झवेरी बाजार बराचसा बंद, टॅक्सी थेट जामा मशिदीच्या जवळ नेता आली. नमाजाची वेळ टाळून गेलो, ऑफिसात विचारलं, तिथल्या गृहस्थांनी आत्याला फक्त पदर घ्या म्हटलं आणि स्वतः हौज दाखवायला आले. मुंबईकरांनो, हे एकदा बघाच. बाहेरून वाटतं नेहमीची मशीद, आत शिरलं की मधोमध हे एवढं मोठं तळं, हिरवट शांत पाणी, त्यात लाल-सोनेरी मासे, आणि नीट खाली बघितलं की काळ्या दगडाच्या कमानी थेट पाण्यातून वर आलेल्या दिसतात. सोळा कमानी, १७७८ च्या, आणि सगळी मशीद त्यांच्यावर उभी. मशीद १८०२ ला पूर्ण झाली. तळं त्याआधीचं, तळाशी जिवंत झरे. वजू, म्हणजे नमाजाआधीचं हातपाय धुणं, याच पाण्याने. एक शाळकरी मुलगा पायरीवर बसून पद्धतशीर आधी तोंड, मग हात कोपरापर्यंत, मग पाय धूत होता आणि मासे त्याच्या पायाशी गोळा होत होते. आत्याने विचारलं, मे महिन्यात आटतं का. ते म्हणाले नाही. तिने परत विचारलं, कधीच नाही? कधीच नाही. चाचाही आमच्याबरोबर आत आले होते, ते हळूच म्हणाले, ही मशीद आमच्या कोकणी लोकांची, माझे आजोबा पहिल्यांदा मुंबईत उतरले तेव्हा इथंच येऊन तोंड धुतलं होतं.

मुंबादेवी तिथून जवळच. मूळ देऊळ बोरीबंदरच्या बाजूला होतं, कोळ्यांची देवी, नंतर इकडे आली. देवळाशेजारी तलाव होता, तो बुजवला. गाडीत आम्ही नावं घेत बसलो, धोबी तलाव, सी. पी. टँक, गोवालिया टँक, दो टाकी, खारा टँक. नावं राहिली, पाणी एकातही नाही. मला याचं मनापासून वाईट वाटतं. देवळं, मशिदी आणि अग्यारीवाल्यांनी हट्टाने धरून ठेवलं तेवढंच गोडं पाणी आता उघड्यावर दिसतं.

परतीच्या वाटेवर चैत्यभूमी. हे आत्याने स्वतःहून सांगितलं होतं. बाबासाहेबांवर ७ डिसेंबर १९५६ ला इथे दादर चौपाटीवर अंत्यसंस्कार झाले. आता सांचीसारखं तोरण, पांढरा घुमट, आत बुद्धमूर्ती. सहा डिसेंबरला अजून अवकाश होता त्यामुळे गर्दी नव्हती. आत्या आत हात जोडून उभी राहिली आणि बाहेर येऊन कठड्यावर बसली ती बोलायलाच लागली.

"आमच्या गावच्या आडावर मी सात-आठ वर्षांची असताना पाणी शेंदायला जायची. महारवाड्यातल्या बाया लांब उभ्या राहायच्या, घागरी खाली ठेवून. कुणी सवर्ण आलं तर वाढंल, नाहीतर तास तास तशाच. आईनं शिकवलेलं, त्यांच्या घागरीला कासरा लागू द्यायचा नाही, उंचावरनं ओत. मी ओतायची. निम्मं घागरीत, निम्मं मातीत. ती बाई काही बोलायची नाही. तिची लेक माझ्याच वर्गात होती."

मी तिला सांगितलं की सार्वजनिक पाणवठे सगळ्यांना खुले करा हा सी. के. बोले यांचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळात १९२३ ला झाला, महाड नगरपालिकेने तो मान्यही केला, तरी २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांना चवदार तळ्यावर जाऊन ओंजळभर पाणी प्यावं लागलं, आणि त्यावर लोकांनी तळं "शुद्ध" करून घेतलं, हायकोर्टाचा निकाल यायला १९३७ उजाडलं. आत्या म्हणाली, "सकाळी त्या पारश्याच्या विहिरीबाहेर उभी राहिले तेव्हाच ती बाई डोळ्यापुढं आली. आज मला आत नाही सोडलं तर मला एवढं लागलं, आणि मला तर तहानही नव्हती."

माझा पारशी बांधवांवर काही राग नाही, त्यांनी ती विहीर जपली म्हणून आज ती आहे, आणि आडावरच्या त्या बाईचं दुःख फार वेगळं. पण पाण्याला देव मानायचं आणि त्याभोवती रेघही आपणच मारायची, हे आपल्या सगळ्यांत किती खोल आहे हे मला आज तिच्याकडून कळलं. पुस्तकात शंभरदा वाचलेलं होतं.

मग चौपाटीवर चहा घेतला, चाचांनी पैसे देऊ दिले नाहीत. माहीमचा मखदूम शाह बाबांचा दर्गा, बांद्र्याची मोत माउली म्हणजे माउंट मेरी आणि भायखळ्याचं सिनेगॉग राहिलंय. आत्या फेब्रुवारीत एका लग्नाला परत येणारे, चाचांचा नंबर तिने स्वतःच्या मोबाईलमध्ये सेव्ह करून घेतलाय आणि भजनी मंडळातल्या चौघीजणींना आणायचं म्हणतेय, म्हणजे मोठी गाडी बघावी लागेल आणि सॅम्युअल स्ट्रीटची परवानगी या खेपेला आधीच काढून ठेवायची.