बोक्याचा चष्मा आणि ब्रातिस्लाव्हा

व्हिएन्नाहून स्लोव्हाकियाची राजधानी ब्रातिस्लाव्हा रेल्वेनं तासाभराचा रस्ता. बहुतेक पर्यटक सकाळी जाऊन संध्याकाळी परततात. मी मात्र मुक्काम ठेवला, कारण मला तिथं नाटक बघायचं होतं. स्लोव्हाकचं अक्षरही कळत नसताना! घरच्यांनी वेड्यात काढलंच.

हे वेड लागलं एका चेक सिनेमापायी. १९६३ सालचा, वोय्तेख यास्नीचा. नावाचा अर्थ ‘बोका येईल तेव्हा’. गावात जादूगाराचा ताफा येतो, त्यांच्यासोबत चष्मा घातलेला बोका. चष्मा काढला की त्याच्या नजरेपुढची माणसं रंगतात. प्रेमात पडलेले लाल, खोटारडे जांभळे, चोर करडे. बोका सांभाळणारी डायना म्हणजे एमिलिया वाशारियोवा. तेव्हा जेमतेम विशीतली, नाट्यशिक्षण चालू असलेली. कानमध्ये सिनेमाला ज्यूरीचं खास पारितोषिक मिळालं. मुलगी सिनेमातच रमली असती तर नवल नव्हतं. पण १९६४ मध्ये ती स्लोव्हाक नॅशनल थिएटरमध्ये दाखल झाली आणि तिथलीच झाली.

थिएटरची १८८६ ची इमारत देखणी, समोर ग्रीक पुराणातल्या गॅनिमीडचं कारंजं. ऐटीत पायऱ्यांपर्यंत गेलो, मग तिकीट नीट वाचलं. प्रयोग नव्या इमारतीत! ती डॅन्यूबच्या कडेनं वीस मिनिटांवर. तिचं बांधकाम सुरू झालं १९८६ ला, दारं उघडली २००७ ला. मला तितका वेळ नव्हता. धापा टाकत पोचलो.

या थिएटरात पगारी, कायमची नटमंडळी, आज हे नाटक तर उद्या ते. दौऱ्याच्या बसमध्ये झोपा काढणारे आपले नट आठवून हेवा वाटला. थोडी शंकाही आली: पक्क्या नोकरीत माणूस सुस्तावत नसेल? पण एमिलियाबाईंनी साठी उलटल्यावर, २००४ च्या ‘होरेम पादेम’ या सिनेमासाठी चेक लायन हा चेक चित्रपट पुरस्कार मिळवला. तोवर चेकोस्लोव्हाकियाचे दोन देश होऊन चेक प्रजासत्ताक हा तिच्यासाठी परदेश झाला होता! धाकटी बहीण माग्दाही नटी. १९८९ नंतर राजदूत म्हणून व्हिएन्नाला गेली, म्हणजे मी सकाळी निघालो त्याच शहरात.

त्या रात्री एमिलिया रंगमंचावर नव्हती, हे ठाऊक होतंच. नाटकातले शब्द कळले नाहीत, पण एका नटीनं कोटाची बटणं लावता लावता मधेच थांबून उरलेली तशीच सोडली, ते कळलं.

सुटल्यावर कोट घ्यायला गेलो. खिडकीतल्या आजींना विचारलं, “वाशारियोवा?” माझा उच्चार त्यांना झेपेना. मग मी बोटांचा चष्मा केला, मिशा ओढून दाखवल्या, “म्याव” म्हटलं. रांगेतले लोक बघायला लागले.

“आ, मिल्का!” आजी खळखळून हसल्या. आपण विजयाबाई म्हणतो, तशी ती इथली मिल्का. मग त्यांनी स्वतःचा चष्मा नाकावरून खाली सरकवला, मला आपादमस्तक न्याहाळलं आणि कोट पुढे केला.