खड्डा पडण्याआधीचा दात : आमच्या दवाखान्याची वाटचाल

आमचा दवाखाना सुरू झाला तेव्हा त्यात एक खुर्ची, एक कॉम्प्रेसर, एक जुनं एक्स-रे मशीन आणि कपाटभर कोरे केसपेपर होते. प्रत्येक केसपेपरवर बत्तीस दातांचा नकाशा छापलेला. किडका दात दिसला की त्यावर लाल पेनानं फुली मारायची, भरून झाला की निळा गोल. पुढे खुर्च्या वाढल्या, सहकारी डॉक्टर आले, एक्स-रे डिजिटल झाला. पण दवाखान्याला खरं वळण कशानं लागलं असं कुणी विचारलं, तर मी त्या लाल फुलीकडे बोट दाखवीन. ती फुली आम्ही बंद केली आणि कामाची सगळी घडीच बदलली.

कॉलेजातून आम्ही सगळेच ब्लॅकचे वर्ग पाठ करून बाहेर पडलो होतो. ग्रीन वार्डिमन ब्लॅक हे अमेरिकन दंतवैद्य. त्यांची १९०८ मधली मांडणी आजही परीक्षेत विचारतात. दाढांच्या खाचांमधली कीड पहिला वर्ग, मागच्या दातांच्या एकमेकांना टेकणाऱ्या बाजूंवरची दुसरा, पुढच्या दातांच्या तशाच बाजूंवरची तिसरा, त्यात दाताचा कोपराही गेला तर चौथा, आणि हिरडीलगतची पाचवा. सहावा वर्ग नंतर जोडला गेला. ही मांडणी तिच्या काळासाठी फार नेमकी होती. तेव्हा चांदी (पारा मिसळलेला मिश्रधातू) भरली जायची आणि चांदी दाताला चिकटत नाही. ती टिकून राहावी म्हणून खड्ड्याला ठरावीक आकार द्यावा लागे, आणि आजूबाजूच्या निरोगी खाचाही पुढे किडू नयेत म्हणून कोरून घेतल्या जात. कुठं आणि कसं कोरायचं हे वर्ग सांगत. १९५५ मध्ये बुओनोकोर यांनी एनॅमलवर, म्हणजे दाताच्या बाहेरच्या कडक थरावर, आम्ल लावून त्याला रेझिन (प्लास्टिकसारखा भरायचा पदार्थ) चिकटवता येतं हे दाखवलं, आणि हळूहळू त्या ठरावीक आकारांची गरज कमी होत गेली. वर्ग मात्र तोंडात बसलेले राहिले.

आम्हालाही ते पुरत होते, दुसऱ्या डॉक्टर येईपर्यंत.

त्या आल्या आणि दवाखाना दोन पाळ्यांत चालू लागला. सकाळी एकीनं पाहिलेला पेशंट संध्याकाळी दुसरीकडे जायचा. एकाच दाढेवरचा तोच डाग पाहून एक म्हणायची भरून टाकू, दुसरी म्हणायची थांबून बघू. पेशंटला हे लगेच कळतं. एका काकांनी सरळच विचारलं, "डॉक्टर, माझ्या दाढेला कीड आहे की नाही ते तुम्ही दोघी मिळून एकदाचं ठरवा ना." त्यांचं म्हणणं रास्त होतं. आमच्यापैकी कुणी चुकीचं बोलत नव्हतं. दोघींना एकच गोष्ट दिसत होती, पण ती किती पुढे गेली आहे हे लिहायची सोय केसपेपरवर नव्हती. कीड कुठं आहे हे वर्ग सांगतो. ती किती खोल आहे, अजून चालू आहे की थांबली आहे, हे तो सांगत नाही. छोट्या दवाखान्याचं सगळं भांडवल म्हणजे पेशंटचा विश्वास, आणि दोन डॉक्टरांच्या दोन बोलींनी तो झिजतो.

त्यातून आम्ही आयसीडीएएसकडे वळलो. कीड ओळखून ती किती पुढे गेली आहे हे नोंदवायची ही आंतरराष्ट्रीय पद्धत २००२ पासून आकाराला आली आणि तिच्यात शून्य ते सहा असे कोड आहेत. शून्य म्हणजे निरोगी. एक म्हणजे ओला असताना काहीच दिसत नाही, पण हवेनं वाळवल्यावर एनॅमलवर पांढुरका किंवा तपकिरी बदल उमटतो. दोन म्हणजे तोच बदल ओल्या दातावरही दिसतो. तीनमध्ये एनॅमल थोडं तुटलेलं असतं, पण डेंटिन, म्हणजे एनॅमलच्या आतला थर, उघडं पडलेलं नसतं. चारमध्ये वरून एनॅमल जवळजवळ शाबूत, पण खालून राखाडी सावली डोकावते. पाचमध्ये उघडा खड्डा आणि त्यात डेंटिन. सहामध्ये तो पृष्ठभागाच्या निम्म्याहून मोठा. (१९९७ ची माऊंट आणि ह्यूम यांची जागा आणि आकारावर आधारलेली मांडणीही आम्ही पाहिली. दात भरताना ती उपयोगी पडते, पण आम्हाला भरण्याच्या आधीचं लिहायचं होतं.)

वाचताना सोपं वाटतं. खुर्चीवर ते करायचं तर आधी दात स्वच्छ हवा. जंतूंचा चिकट थर साचलेल्या दातावर कोड एक दिसणं शक्यच नाही. म्हणून आमच्या सहायक ताई आधी ब्रश फिरवून दात साफ करतात, गालाशी कापसाची गुंडाळी ठेवतात, मग साधारण ५ सेकंद हवेचा झोत. त्या पाच सेकंदांत जे घडतं ते मला आजही बघत राहावंसं वाटतं. ओली, चकाकणारी दाढ हळूहळू कोरडी होते आणि खाचेच्या कडेनं खडूसारखी पांढरी रेघ वर येते. कारण साधं आहे. खनिज निघून गेलेल्या एनॅमलमध्ये सूक्ष्म छिद्रं असतात. त्यात पाणी असेपर्यंत प्रकाश सरळ जातो, पाण्याच्या जागी हवा आली की तो विखुरतो आणि तेवढा भाग पांढरा दिसतो. जो डाग ओलेपणीही दिसतो, त्याची खोली जास्त.

टोकदार प्रोब (दात चाचपायची बारीक सळई) खाचेत रुतवून बघायची सवय आम्ही मोडली. अशा पांढऱ्या डागावरचा थर वरून शाबूत असतो आणि टोचल्यानं तो फुटू शकतो; मग जिथं खड्डा नव्हता तिथं तो आपणच पाडतो. आता टोकाला बारीक गोळी असलेला प्रोब नुसता हलकेच फिरवतो. खरखरीत, निस्तेज लागलं तर कीड चालू आहे. गुळगुळीत आणि चमकदार असेल तर ती थांबलेली असण्याची शक्यता जास्त. केसपेपरवर कोडच्या शेजारी हा दुसरा रकाना आला, आणि माझ्या मते आमच्या सगळ्या कामात सर्वांत मोलाचा रकाना तोच. तपकिरी, चकचकीत, वर्षानुवर्षं तसाच असलेला डाग घाबरून भरायला आलेले कितीतरी पेशंट आम्ही तसेच घरी पाठवतो.

तपासणीला वेळ जास्त लागू लागला. रिसेप्शनवरच्या ताईंना अपॉइंटमेंटची वही नव्यानं आखावी लागली, नव्या पेशंटला दुप्पट वेळ राखून ठेवावा लागला. बाहेर बसलेली माणसं कुरकुरली. आम्ही तपासणीची फी वेगळी आणि स्पष्ट ठेवली, कारण तपासणी हेच मुख्य काम आहे असं मानायचं तर ते दात भरण्याच्या बिलात लपवून चालत नाही.

दोन दातांच्या मधली कीड डोळ्यांना दिसत नाही, तिथं बाइटविंग, म्हणजे वरच्या-खालच्या मागच्या दातांचा एकत्र काढलेला, एक्स-रे लागतो. त्यात एनॅमलचा बाहेरचा अर्धा, आतला अर्धा, मग डेंटिनचे तीन थर असं आम्ही मोजून लिहितो. प्रश्न येतो तो सावली डेंटिनच्या बाहेरच्या थरापर्यंत पोचलेली असते तेव्हा. वरचा पृष्ठभाग फुटला आहे की शाबूत आहे हे चित्रावरून ठरत नाही, आणि उपचार त्यावरच अवलंबून असतो. अशा वेळी आम्ही तार लावणाऱ्या डॉक्टरांकडचं छोटं रबरी वेढं दोन दातांच्या फटीत बसवतो आणि पेशंटला दोन-तीन दिवसांनी बोलावतो. दात किंचित सरकलेले असतात. वेढं काढायचं, जागा वाळवायची आणि प्रत्यक्ष बघायचं. पृष्ठभाग शाबूत असेल तर ड्रिल लागत नाही. फटीतली सफाई, फ्लोराइड वार्निश (दातावर लावायचा लेप), काही वेळा डागात पातळ रेझिन मुरवणं, आणि ठरल्या मुदतीनं पुन्हा एक्स-रे. फट एक-दोन दिवसांत आपोआप मिटते. एवढ्या स्वस्त रबरानं जितके दात वाचवले, तितके दुसऱ्या कुठल्या उपकरणानं वाचवले नसतील असं मला मनापासून वाटतं.

कोड लिहिला की उपचार आपोआप ठरतो असं मात्र नाही. त्याच कोड दोनचा डाग एका मुलीच्या तोंडात शांत बसतो आणि दुसऱ्या मुलाच्या तोंडात झपाट्यानं खड्डा होतो. गोड खाल्ल्यावर दातावरच्या थरातले जंतू आम्ल तयार करतात, पीएच (आम्लतेचा आकडा; जितका कमी तितकं आम्ल जास्त) साधारण ५.५ च्या खाली गेला की एनॅमलमधून खनिज निघू लागतं, आणि लाळेला ते पूर्ववत करायला अर्धा-पाऊण तास लागतो. म्हणून आम्ही किती गोड खाता यापेक्षा दिवसातून किती वेळा खाता हे आधी विचारतो. लाळ कमी आहे का, पूर्वी किती दात भरले आहेत, कुठली औषधं चालू आहेत, पेस्ट कोणती, हेही. धोका जास्त असेल तर तीन महिन्यांनी बोलावतो, कमी असेल तर वर्ष किंवा त्याहून जास्त. सगळ्यांना सरसकट सहा महिने हा शिरस्ता आम्ही सोडला.

वार्निशमध्ये ५ टक्के सोडियम फ्लोराइड असतं, म्हणजे २२,६०० पीपीएम (दहा लाख भागांत इतके भाग) फ्लोराइड. रोजच्या पेस्टमध्ये ते १,००० ते १,५०० असतं. खोल खाचांवर सीलंट, म्हणजे खाच बुजवणारा पातळ थर. लहान मुलांच्या उघड्या खड्ड्यांसाठी आम्ही ३८ टक्क्यांचं सिल्व्हर डायमाइन फ्लोराइड वापरू लागलो. ड्रिल नाही, इंजेक्शन नाही. वाळवून एक थेंब लावायचा. चांदी जंतू मारते, फ्लोराइड डेंटिन घट्ट करतं. पण किडलेला भाग कायमचा काळा पडतो, आणि हे आईवडिलांना आधी फोटो दाखवून सांगितल्याशिवाय आम्ही बाटली उघडतच नाही. एक आई फोटो बघून बराच वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, "मागच्या वेळी दोघांनी त्याला धरून ठेवलं होतं डॉक्टर, तसं पुन्हा नको. काळा चालेल." मागच्या दुधाच्या दाढांसाठी दुसरा मार्गही आहे, स्कॉटलंडच्या नॉर्ना हॉल यांच्या नावानं ओळखला जाणारा : कीड न कोरता, बधिर न करता, स्टीलची टोपी सिमेंटनं बसवायची. आत कोंडलेल्या जंतूंचं खाणंच तुटतं.

खोल कीड असलेल्या पक्क्या दातांबद्दल आमचं वागणं सगळ्यात जास्त बदललं. शेवटचा मऊ कण निघेपर्यंत कोरायचं हे आमच्या हातात भिनलेलं होतं. आता नसेजवळ, दात जिवंत असेल आणि दुखणं कायमचं बसलेलं नसेल तर, तळाशी थोडं मऊ डेंटिन राहू देतो. कडा मात्र सगळीकडून कडक आणि स्वच्छ लागतात, कारण भरलेला दात टिकतो तो त्या कडांच्या घट्टपणावर. २०१६ मध्ये आलेल्या आंतरराष्ट्रीय सहमतीनंही हेच सांगितलं. नस उघडी पडत नाही आणि बरेच दात रूट कॅनालपासून वाचतात. पेशंटला समजावताना आम्ही काहीच लपवत नाही : आत थोडी कीड मुद्दाम ठेवली आहे, ती का ठेवली आहे, आणि एक्स-रे कधी घेणार, हे केसपेपरवर लिहून सांगतो. नाहीतर पुढे दुसरीकडे कुणी एक्स-रे काढला की "आत कीड राहिलीय" म्हणून चांगला दात पुन्हा उकरला जातो.

जुन्या चांदीबद्दलही असंच. कडा थोड्या झिजल्या, रंग काळवंडला, एवढ्यावर आम्ही ती काढत नाही. प्रत्येक वेळी जुनं काढून नवं भरताना निरोगी दाताचा थोडा भाग जातोच, आणि अशी दोन-तीन आवर्तनं झाली की कॅप किंवा रूट कॅनाल ठरलेलं. दुरुस्ती जमत असेल तर दुरुस्ती. नवीन भरण्यासाठी आम्ही चांदी वापरत नाही. पाऱ्यासाठीचा मिनामाता करार २०१३ मध्ये झाला, २०१७ पासून लागू झाला, आणि त्यात दातांच्या चांदीचा वापर घटवण्याचं कलमच आहे.

दात भरण्यातून येणारं उत्पन्न सुरुवातीला खाली आलं. ते खाली येणार हे आम्ही धरूनच चाललो होतो. तपासणी, प्रतिबंधाचं काम आणि नियमित येणारी कुटुंबं यातून ते हळूहळू भरून निघालं. त्या सुरुवातीच्या मंदीत सहकारी डॉक्टरांनी आणि सहायक ताईंनी धीर धरला, याचं ऋण मोठं आहे.

नवे डॉक्टर रुजू झाले की पहिले काही आठवडे आम्ही त्यांना ड्रिल देत नाही. काढलेल्या दातांचा एक डबा आहे, त्यातले दात वाळवून कोड लिहायचे, मग ते दात कापून आत कीड खरोखर किती खोल गेली आहे ते ताडून बघायचं. दर आठवड्याला आम्ही सगळे मिळून तेच बाइटविंग स्वतंत्रपणे वाचतो आणि नंतर मतं जुळवतो. जुळली नाहीत तर पेशंटला पुन्हा बोलावून दात पुन्हा वाळवतो.

आता केसपेपरवर आणखी एक रकाना वाढवतो आहोत, मुळांवरच्या किडीचा. आमच्याबरोबर पेशंटही म्हातारे झाले. हिरड्या खाली गेल्या, रक्तदाबाच्या किंवा मनाच्या आजारांच्या काही औषधांनी तोंड कोरडं पडतं, आणि मुळाचं डेंटिन एनॅमलपेक्षा कमी आम्लातही विरघळू लागतं. तिथं रंगावर भरवसा ठेवता येत नाही. मऊ, चामड्यासारखं की कडक, हे प्रोबनं हलकेच चाचपावं लागतं. ५,००० पीपीएमची पेस्ट लिहून द्यायची आणि काही महिन्यांनी तेच मूळ पुन्हा चाचपायचं. ज्या आजींना स्वतःला ब्रश नीट धरता येत नाही, त्यांच्या सुनेला किंवा मुलाला खुर्चीशेजारी उभं करून मुळाजवळ ब्रश कसा टेकवायचा ते त्यांच्याच हातानं करून घेतो.