नदीपात्रातली शेरणी
आज सकाळी संगमेश्वरजवळ शास्त्री नदीच्या पात्रात उतरलो, तेव्हा कातळाच्या भेगांत कंबरभर उंचीची, लांबट चिंचोळ्या पानांची झुडपे दिसली आणि मी घाईने त्यांना वाळुंज ठरवून मोकळा झालो. सोबतचे काका हसून म्हणाले, "अहो, ही शेरणी." पान उलटून पाहिले, तर खालची बाजू बारीक खवल्यांमुळे रुपेरी दिसत होती. वाळुंज विलोच्या कुळातला, शेरणी मात्र चक्क एरंडाच्या. तरीही पाने सारखी, कारण पावसाळ्यातल्या लोंढ्यात रुंद पान फाटते, तर अरुंद पान आणि लवचिक फांदी प्रवाहाबरोबर वाकून तग धरतात. (अंगणातली विषारी कण्हेरही मूळची ओढ्याकाठचीच, याच घाटणीच्या पानांची.) शेरणीच्या बुंध्याशी गेल्या पुराचा पालापाचोळा अजून अडकलेला होता.