काळूपूर ते तीन दरवाजा: अहमदाबादच्या पोळांमधून पायी

सोमनाथ-द्वारकेला जाताना अहमदाबादला एक मुक्काम करायचा, साबरमती आश्रम आणि कांकरिया तलाव बघायचा आणि पुढची गाडी धरायची, असा आपल्याकडचा नेहमीचा बेत असतो. यंदाच्या हिवाळ्यात आम्ही फक्त जुनं शहर पायी बघायला गेलो. परत आल्यापासून भेटेल त्याला सांगतोय की एक सकाळ काढाच, आणि पहिल्यांदा जाताना गाईड घेऊनच जा.

महानगरपालिका 1997 पासून रोज सकाळी हा हेरिटेज वॉक चालवते. काळूपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून सुरुवात आणि जामा मशिदीपाशी शेवट. अंतर जेमतेम दोन किलोमीटर, पण दोन-अडीच तास सहज जातात. आठच्या आधी मंदिरात हजर राहावं लागतं, कारण निघण्यापूर्वी शहराबद्दल चित्रं दाखवून थोडी माहिती देतात. ती चुकवू नका. अहमदशहाने 1411 मध्ये वसवलेलं हे तटबंदीचं शहर 2017 मध्ये युनेस्कोच्या यादीत आलं. जागतिक वारसा शहर म्हणून मान मिळालेलं हे भारतातलं पहिलं शहर. पण हा मान एखाद्या किल्ल्याला किंवा मशिदीला नाही, माणसं राहत असलेल्या सगळ्या गावठाणाला आहे. ते एकदा लक्षात आलं की पुढे दिसणाऱ्या वाळत घातलेल्या चादरी, उभ्या केलेल्या स्कूटर आणि दारातली रांगोळी यांच्याकडेही आपण लक्षपूर्वक पाहू लागतो.

1822 चं हे मंदिर स्वामिनारायण संप्रदायातलं पहिलं. कमानी आणि खांब बर्मी सागवानाचे, भडक रंगांत रंगवलेले. तिथून बाहेर पडून पाच मिनिटांत आपण लांबेश्वरनी पोळ या वस्तीत पोचतो. गुजराती कवी दलपतराम इथे राहत. त्यांच्या घराची दर्शनी बाजू पुन्हा उभी केली आहे आणि ओट्यावर त्यांचा बसलेला पूर्णाकृती पुतळा आहे. शेजारी बसून फोटो काढायला आमच्या गटातल्या सगळ्यांनीच रांग लावली.

पोळ म्हणजे एका जातीच्या किंवा एका धंद्याच्या लोकांची, एकाच दरवाजातून आत जायची वस्ती. दरवाजाच्या माथ्यावर पहारेकऱ्याची खोली, आत मुख्य गल्ली, तिला फुटलेल्या खडक्या (छोट्या आडगल्ल्या), एखादं देऊळ, विहीर आणि पोळच्या खबरा लिहायला फळा. दंगली आणि लुटालुटीच्या काळात रात्री दरवाजा लावला की आतले लोक निर्धास्त. आत अडकायची वेळ आलीच तर निसटायला छुप्या वाटा होत्या. गाईड एका घराच्या देवडीत शिरावा तसा एका अंधाऱ्या बोळात शिरला. आम्ही बिचकत मागोमाग गेलो, दोन वळणं घेतली आणि थेट दुसऱ्या पोळमध्ये निघालो. ही वाट नकाशावर नाही. एकट्यादुकट्याला ते कुणाचं तरी खासगी दार वाटणार आणि तो मागे फिरणार. गाईड घ्या असं मी म्हणतो ते यासाठी.

चबुतरा मात्र जरा थांबून बघा. चौकाच्या मधोमध उंच खांब, त्यावर कोरीव कठडा असलेली छत्री, तिथे दाणे आणि पाण्याचं कुंडं. आम्ही पाहिलेल्या चबुतऱ्याला टेकवून लोखंडी शिडी होती. एक काका डबा घेऊन वर चढले आणि ज्वारी ओतून उतरले. क्षणात पारव्यांनी आणि पोपटांनी छत्री भरून गेली. इतक्या दाट वस्तीत झाडाला जागा नाही, म्हणून पाखरांसाठी बांधून काढलेलं झाड, असं गाईडने सांगितलं. या पोळांबद्दल ऐकलेलं सगळ्यात सुंदर वाक्य तेच.

पुढे एका घराच्या बांनी (वडीलधाऱ्या बाईंनी) आम्हाला आत बोलावलं. गाईडने आधीच विचारून ठेवलं असावं. ‘आवो, बेसो’ म्हणत त्यांनी आधी पाण्याचे पेले पुढे केले. घराची समोरची बाजू अरुंद, पण आत खोलवर पसरत गेलेलं घर आणि मध्ये उघडा चौक. चौकाच्या फरशीत पितळी झाकण होतं. त्याखाली टाकं. गच्चीवरचं पावसाचं पाणी पन्हळीतून या तळघरातल्या टाक्यात येतं. पहिल्या पावसाचं पाणी सोडून द्यायचं, छत धुऊन निघालं की मग टाक्याची वाट उघडायची, आणि ते पाणी वर्षभर स्वयंपाकाला आणि प्यायला वापरायचं. उजेड आणि वारा लागू द्यायचा नाही, म्हणून झाकण घट्ट. माझ्या बायकोने विचारलं, ‘बा, अजून वापरता?’ त्यावर त्या म्हणाल्या, ‘डाळ बीजा पाणीमां चढे ज नहीं.’ नळाच्या पाण्यात डाळ शिजत नाही, हे आमच्या कोकणातल्या आत्याचंही म्हणणं असतं, त्यामुळे दोघींच्या गप्पा लगेच जमल्या.

हाजा पटेलनी पोळमध्ये काळा रामजीचं देऊळ आहे. नाशिकच्या काळारामाची सवय असलेल्या आपल्या डोळ्यांना इथली मूर्ती वेगळी वाटते, कारण इथे राम उभा नाही, बसलेला आहे. बाहेरून हे देऊळ एखाद्या घरासारखंच दिसतं. देरासरांचंही (जैन मंदिरांचंही) तेच. साध्या भिंतीआड शिरावं तर आत संगमरवराचं नक्षीकाम. देरासरात चामड्याचा पट्टा, पाकीट काहीच चालत नाही, आत फोटो काढू देत नाहीत. कापडी पिशवी आणि कापडी पट्टा ठेवलात तर प्रत्येक दारात खोळंबा होणार नाही.

घरांच्या लाकडी घोड्यांवर (छज्जे पेलणाऱ्या त्या कोरीव आधारांवर) मोगल, मराठा आणि इंग्रजी अशा तिन्ही काळांचे हात दिसतात. गाईड एकाच चौकात तिन्ही दाखवतो. हरकुंवर शेठाणींच्या हवेलीचे घोडे सगळ्यात देखणे. पती हठीसिंग शेठ वारल्यावर दिल्ली दरवाजाबाहेरचं अर्धवट राहिलेलं देरासर या बाईंनी 1848 मध्ये पुरं करवून घेतलं. त्या काळात एवढा पैसा आणि एवढं बांधकाम एका विधवेने हाताळलं. दुपारी रिक्षाने ते देरासर बघायला जरूर जा.

अनेक हवेल्यांची अवस्था बघवत नाही. वारसदार पंचवीस, राहणारं कुणी नाही, खाली गोदाम, वर कबुतरं. कोरीव खांब उपटून विकले जातात आणि त्या जागी काँक्रीटचं कपाट उभं राहतं. 2001 च्या भूकंपात नव्या उंच इमारती कोसळल्या, पण भिंतीत लाकडाच्या पट्ट्या गुंफलेली ही जुनी घरं बरीचशी टिकली, हे तरी लोकांनी विसरू नये. शक्य असेल तर पोळमधल्याच एखाद्या जुन्या हवेलीत उतरा, अशी सोय आता काही ठिकाणी झाली आहे. तुमच्या भाड्यातून एखाद्या घराची तुळई वाचते.

माणेकचौकातून आपण जामा मशिदीत पोचतो. 1424 ची ही मशीद, 260 खांब, 15 घुमट. मोठ्या मिनारांचे वरचे मजले 1819 च्या भूकंपात पडले, ते आता नाहीत. खांबांवरच्या घंटा, कळ्या आणि साखळ्या नीट बघा, त्यांवर देवळं घडवणाऱ्या कारागिरांचा हात स्पष्ट दिसतो. शुक्रवारी दुपारी नमाजाच्या वेळी पर्यटकांना आत सोडत नाहीत. मागेच बादशहाचा हजिरा (म्हणजे मकबरा) आणि राणीचा हजिरा. राणीच्या हजिऱ्याभोवती आता चनियाचोळी आणि दागिन्यांचा बाजार भरतो.

इथे वॉक संपतो आणि मंडळी फाफडा-जलेबीकडे वळतात. तुम्ही मात्र आणखी पाच-दहा मिनिटं पश्चिमेला चालत तीन दरवाजापर्यंत जा, कारण मराठी माणसासाठी या शहरातली सगळ्यात मोलाची गोष्ट तिथे आहे.

1753 मध्ये रघुनाथराव आणि दमाजी गायकवाड यांनी अहमदाबाद घेतलं. मध्ये थोडा काळ ते हातचं गेलं, पण पुढे इंग्रज येईपर्यंत पेशवे आणि गायकवाड यांनी ते निम्मं-निम्मं वाटून घेतलं. या कारभाराबद्दल स्थानिक माणूस फारसं चांगलं बोलत नाही आणि ते रास्तच आहे. शहर उजाड झालं, करांनी लोक पिळले गेले. आपल्याकडच्या इतिहासात हा भाग आपण फारसा सांगत नाही. पण त्याच राजवटीतल्या चिमणाजी रघुनाथ या सुभेदाराने 1812 मध्ये तीन दरवाजावर देवनागरीत एक फर्मान कोरून लावलं: बापाच्या मालमत्तेत मुलीला तिचा वाटा विनाअडथळा मिळावा. मोडेल त्या हिंदूने महादेवाला आणि मुसलमानाने अल्लाला जाब द्यावा. तेही एका वर्दळीच्या दरवाजावर, येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांनी वाचावं म्हणून.

ते शोधताना धीर धरा. कमानींखाली फेरीवाल्यांची दाटी असते, डोक्यावर कपडे टांगलेले असतात, आणि दगडावर धूळ आणि रंगाचे थर आहेत. अक्षरं झिजली आहेत, सगळं वाचता येत नाही. आम्ही एका मोजेवाल्या दादांना विचारलं, त्यांनी माल बाजूला सरकवून जागा दाखवली. सोबत मुलगी होती, तिला फर्मानाचा अर्थ सांगितला तेव्हा ती बराच वेळ मान वर करून बघत राहिली. सकाळी दहाच्या आत गेलात तर दुकानं पुरती लागलेली नसतात आणि नीट उभं राहायला मिळतं. म्हणजे निवांत बघायचं असेल तर दुसऱ्या दिवशी सकाळी मुद्दाम पुन्हा या. त्याच फेरीत पुढे भद्र किल्ला आणि सिदी सैयद मशिदीतली कोरीव दगडी जाळीही बघून होते. जाळी आतल्या बाजूने बघा, सकाळच्या उजेडात तिच्यात कोरलेल्या झाडाची पानं न् पानं दिसतात.

आता कामाच्या गोष्टी. मुंबईहून रात्रीची गुजरात मेल धरली तर पहाटे काळूपूर स्टेशनात उतरता येतं, मंदिर तिथून रिक्षाने अगदी जवळ. पण त्याच सकाळी वॉक ठेवू नका, गाडीला उशीर झाला की सगळं फिसकटतं. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम, एप्रिल-मेमध्ये नकोच. उत्तरायणाच्या, म्हणजे आपल्या संक्रांतीच्या दोन दिवसांत पोळांच्या गच्च्या पतंगांनी गजबजतात. तो सोहळा बघायला जा, वॉकला नको. वेळ आणि शुल्क बदलत असतं, तेव्हा आदल्या दिवशी महानगरपालिकेच्या हेरिटेज विभागाकडे विचारून नाव नोंदवा. गाईड हिंदी आणि इंग्रजी दोन्ही बोलतात, पण गट ठरण्याआधीच आपली पसंती सांगा.

बूट पटकन काढता-घालता येणारे हवेत. पाण्याची बाटली आणि डोक्यावर काहीतरी ठेवा. स्वच्छतागृहाची सोय मंदिरातच उरकून घ्या, वाटेत भरवसा नाही. चढ-उतार फारसा नाही, पण फरशी उंचसखल आहे आणि अरुंद गल्लीत स्कूटर अंगावर येतात, तेव्हा गुडघ्यांचा त्रास असलेल्या ज्येष्ठांनी काठी घ्यावी आणि गटाच्या पुढच्या फळीत राहावं. दारात बसलेल्यांचे फोटो विचारून काढा. बहुतेक जण हसून हो म्हणतात, वर चहाही विचारतात.