ललिता पवार म्हणजे नुसती खाष्ट सासू नाही हो

आमच्या घरात कोणाची सासू जरा कडक निघाली की "अगदी ललिता पवार आहे" असंच म्हणायचे. आजी तर रविवारी रामायण लागलं आणि मंथरा झालेली ललिता पवार दिसली की टीव्हीशीच भांडायची, "आली मेली कान भरायला!" म्हणून. त्यामुळे मला कित्येक वर्षं ही बाई म्हणजे तो एक बारीक डोळा आणि लावालावी एवढीच माहिती होती.

परवा 'प्रोफेसर' पाहिला, 1962 चा. शम्मी कपूरला नोकरी हवी असते आणि अट असते की शिक्षक पन्नाशीच्या पुढचाच पाहिजे, म्हणून तो पांढरी दाढी लावून म्हातारा बनून येतो. घरात भाचरांना धाकात ठेवणारी ललिताबाई. आणि ही करारी बाई त्या खोट्या म्हाताऱ्याच्या चक्क प्रेमात पडते! नटायला लागते, लाजते, त्याच्यासमोर आवाज मऊ होतो. थिएटरमध्ये तेव्हा लोक हसले असतील, मलाही आधी हसू आलं, पण मग तिचा चेहरा बघत बसले आणि घशात काहीतरी अडकलंच. उभा जन्म दुसऱ्यांची पोरं सांभाळलेल्या बाईला कोणीतरी आपल्याशी नीट बोलतंय याचा किती आनंद झालाय ते त्या चेहऱ्यावर दिसतं, आणि त्यात तो अर्धवट मिटणारा डावा डोळासुद्धा लाजतो, खरंच सांगते.

त्या डोळ्याची गोष्ट बऱ्याच जणांना माहिती असेल. मूळच्या येवल्याच्या, माहेरचं नाव अंबा. 1928 पासून मूकपटात बालकलाकार, मग हिरॉइन. 1932 ला 'कैलाश' नावाच्या मूकपटाची निर्मितीसुद्धा केली, बोलपट आल्यावर स्वतःची गाणी स्वतः म्हटली. म्हणजे सगळं छान चाललेलं. 1942 मध्ये एका शूटिंगला भगवानदादांनी थोबाडीत मारायचा सीन होता, थप्पड जोरात बसली आणि चेहऱ्याच्या एका बाजूला लकवा झाला. बराच काळ उपचार चालले पण डोळा पहिल्यासारखा झालाच नाही, आणि हिरॉइनचं काम तिथेच संपलं.

पण बाई घरी बसल्या नाहीत. 1944 ला प्रभातच्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई केली, 1950 ला शांतारामबापूंच्या 'दहेज'मध्ये सासू, आणि मग सासवांची रांगच लागली. 1952 च्या 'दाग'मध्ये त्या दिलीपकुमारची आई आहेत, वयात अंतर किती तर जेमतेम सहा वर्षं! राज कपूर आठ वर्षांनी लहान. तिशीतच पांढरे केस लावून उभं राहायचं आणि बरोबरीच्या नटाला बेटा म्हणायचं, याला काय म्हणायचं सांगा.

आणि सगळ्या भूमिका काही खाष्ट नव्हत्याच ना. 'श्री 420' मधली फुटपाथवर केळी विकणारी गंगामाई आठवा. 'अनाडी'मधली मिसेस डीसा तर माझी सगळ्यात लाडकी. तोंडाने भाडं माग, ओरड, आणि आतून त्या भाडेकरू पोरावर सख्ख्या आईसारखी माया. भेसळीच्या औषधाने ती जाते आणि आळ येतो नेमका त्या पोरावर, तिथे मी प्रत्येक वेळी रडते. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं, आणि 1961 ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही. पण आमच्या घरात कोणी प्रेमळ बाईला "अगदी ललिता पवार" म्हटल्याचं मी तरी ऐकलेलं नाही.

'अनाडी'चे दिग्दर्शक हृषिदा, म्हणजे हृषिकेश मुखर्जी, यांना मात्र ती मिसेस डीसा विसरता आली नसावी असं मला वाटतं. बारा वर्षांनी 'आनंद' केला तेव्हा हॉस्पिटलच्या मेट्रनचं काम त्यांनी ललिताबाईंनाच दिलं, आणि आडनाव परत डीसाच ठेवलं. आधी पेशंटवर डाफरणारी ही मेट्रन हळूहळू आनंदची आईच होऊन जाते. यावेळी पोरगा जातो आणि ती मागे राहते. 'अनाडी' आणि 'आनंद' लागोपाठच्या दोन रात्री बघा, याच क्रमाने.