लॉस लाल आणि माझी टाचणी

दिवाळीची आवराआवर झाली, कपाट पुन्हा भिंतीला सरकवलं आणि संध्याकाळी फायबरचं इंटरनेट गेलं. मोडेमवर पॉवरचा दिवा हिरवा, पॉनचा (कंपनीशी जोडणी झाल्याचा) बंद आणि लॉसचा (सिग्नल हरवल्याचा) लाल दिवा लुकलुकत होता. कस्टमर केअरवाली म्हणाली, बंद करून चालू करा. पाच वेळा केलं. मग मागच्या बारीक भोकात टाचणी खुपसून दहा सेकंद दाबून धरली. रिसेट केल्यावर जुना मोबाइल सुधारला होता ना, तीच हुशारी! सगळे दिवे विझले, परत लागले. लॉस लालच.

दुसऱ्या दिवशी लाइनमन आला, वीस-बावीसचा पोरगा. दिवा बघूनच म्हणाला, "काकू, लॉस लाल म्हणजे या काचेच्या वायरीतून पुरेसा प्रकाशच येत नाहीये, इंटरनेट त्यावरच चालतं. मोडेम कितीदा बंद-चालू केला तरी काय उपयोग?" हिरव्या टोकाची पिन काढून त्याने प्रकाश मोजायच्या मीटरला लावली. आकडा आला उणे 31. उणे 27 च्या खाली गेलं की मोडेमला काही कळत नाही म्हणे. मी पिनेत डोकावायला गेले तर ओरडलाच. तो प्रकाश इन्फ्रारेड असतो, दिसत नाही, पण डोळ्याला वाईट.

मग भिंतीवरच्या डबीतून वायर सुटी केली, टोकाला पेनासारखा लाल लेझर लावला आणि मला खोलीतली ट्यूब बंद करायला सांगितली. कपाटामागे, जमिनीपासून वीतभर वर, पिवळ्या वायरीवर लाल ठिपका चमकत होता. कपाटाच्या पायाने तिथे वायर पार काटकोनात दाबली होती, आणि प्रकाश तिथूनच बाहेर गळत होता. नवीन वायर टाकली, मीटर उणे 20 वर आला. दहा मिनिटांचं काम.

पॉन लुकलुकून स्थिर झाला, पण इंटरनेटचा दिवा लाल. त्याने माझ्याकडे बघितलं. "काकू, टाचणी घातली होती का?"

मी गप्प.

यूजरनेम, पासवर्ड, व्हीलॅन नंबर (कंपनी जोडणीसाठी देते तो), सगळं पुसलं गेलं होतं. मोडेमच्या सेटिंगचं पान, 192.168.1.1, उघडून, ऑफिसला तीनदा फोन करून ते परत भरण्यात अर्धा तास गेला. वायफायचं नावही स्टिकरवरचं जुनंच आलं, मग टीव्ही आणि चार मोबाइल मी एकेक करून जोडत बसले.

कपाट आता भिंतीपासून चार बोटं पुढे असतं. मागे धूळ साचते म्हणून सासूबाई कुरकुरतात.