बुरांश बघायचा तर तारखेपेक्षा उंची बघा

एप्रिलच्या सुरुवातीला उत्तराखंडातल्या चोपत्याला जाऊन आलो, ते खास बुरांशासाठी, म्हणजे हिमालयातल्या लाल फुलांच्या ऱ्होडोडेंड्रॉन झाडासाठी. हृषीकेशहून अंतर दोनशे किलोमीटरच्या आसपास, पण घाटात अख्खा दिवस मोडतो. कुंड गावाशी केदारनाथचा रस्ता वेगळा होतो, आपण ऊखीमठ धरायचं. एटीएम गाठायचं ते तिथेच, पुढे भरवसा नाही.

आपला पळस फुलतो तेव्हा अंगावर पान नसतं. बुरांश बारमाही हिरवा, त्यामुळे त्याचा लाल रंग जास्तच अंगावर येतो. सारी गावातून देवरिया तालाच्या (तलावाच्या) चढावर वाटभर फुलांचा सडा होता. एक गोंडा उचलून पाहिला: घंटेसारखी पंधरा-वीस फुलं एकत्र, आत गडद ठिपके, तळाशी मध. पान वरून चामड्यासारखं, उलटलं की चंदेरी.

चहाच्या टपरीवर विचारलं, "दीदी, फूल कब तक रहेगा?" म्हणाल्या, "नीचे का गया, ऊपर का आएगा." सगळं गणित यातच आलं. खालच्या गावांत फेब्रुवारी-मार्चमध्येच बहर येतो. ताल सुमारे 2,400 मीटरवर, तिथे आम्हाला ऐन भर मिळाला. चोपत्याला बऱ्याच झाडांवर अजून कळ्याच होत्या. जसजसं वर जावं तसा लाल रंग गुलाबीकडे झुकतो. तुंगनाथच्या देवळाच्या (3,680 मीटर) वाटेवर झाडं खुजी होत जातात आणि वृक्षरेषेजवळ दुसरीच, फिकट जांभळ्या फुलांची जात लागते. ती मे-जूनमध्ये फुलते, आमच्या वेळी बर्फात होती. म्हणून एकाच ठिकाणी मुक्काम ठोकू नका. एक रात्र सारीला, एक चोपत्याला ठेवा, कुठेतरी बहर सापडतोच.

तुंगनाथचं देऊळ साधारण एप्रिलअखेर किंवा मेमध्ये उघडतं, तोवर देवाचा मुक्काम खालच्या मक्कूमठ गावात. दर्शन हवं असेल तर खालची फुलं हुकणार, दोन्ही साधायचा हट्ट नको. वाट फरसबंदी आहे, पण पहाटे बर्फ गोठून काच होते, तेव्हा बुटांना लावायचे काटे भाड्याने घ्याच. चोपत्याला वीज सौरऊर्जेवर, म्हणून पॉवरबँक न्या. वनखात्याची पावती फाडावी लागते, सुटे पैसे ठेवा. फांद्या मोडून फोटो काढणारे भेटले. हा उत्तराखंडचा राज्यवृक्ष आहे आणि आपण अभयारण्यात आहोत, एवढं तरी लक्षात ठेवा की!

बुरांशाचं सरबत जरूर घ्या, आंबटगोड असतं. विमानाने परतणार असाल तर बाटली चेक-इन बॅगेत टाका, हातातल्या सामानात अडवू शकतात.